मूकपटातील मोहिनीची साक्ष

दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (1913) मध्ये तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने साकारली; कॅमेऱ्यासमोर यावयास स्त्री मिळेना. त्यानंतरच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती आणि त्यांची किशोरवयीन कन्या कमलाबाई मोहिनी झाली. 'पहिल्या अभिनेत्री' हे बिरुद खरे, पण अपुरे. पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाईंना अभिनय ही हौस नव्हती, भाकर होती. अकाली वैधव्य आलेल्या कमलाबाई गोखले यांनीही रंगभूमीवर राबून तीन मुलगे वाढविले. त्यांतील चंद्रकांत नामवंत नट झाले.

रीना मोहन यांच्या 'कमलाबाई' या माहितीपटाचे मोल येथेच आहे. मूकपटाने केवळ चेहरा टिपला. हा माहितीपट वृद्ध कमलाबाईंना बोलू देतो. बिरुदामागील बाई त्यात भेटते.

आज काशीदच्या वाळूत कोणतीही मुलगी निःसंकोच कॅमेऱ्याला सामोरी जाते. ती वाट कोणी तुडविली, हे तिला कोण सांगणार? पुनरुत्थानाची वार्ता स्त्रियांनी आणली, तेव्हा प्रेषितांनाही ती पोकळ बडबड वाटली. स्त्रीची साक्ष उशिरा ऐकण्याची आपली खोड जुनीच. धर्मग्रामातील नाटकांचा इतिहास लिहू पाहणाऱ्यांनी म्हणून प्रथम आपल्या वृद्ध आयांना बोलते करावे.