निकालपूर्व जप्ती : दिवाणी प्रक्रिया संहितेतील एका असाधारण अधिकाराची चिकित्सा

प्रस्तावना :

दिवाणी दाव्यात हुकूमनामा आधी आणि जप्ती नंतर, हा सर्वसाधारण क्रम होय. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ३८, नियम ५ हा त्यास महत्त्वाचा अपवाद आहे. दावा प्रलंबित असताना प्रतिवादीने मालमत्तेची विल्हेवाट लावली तर वादीच्या हाती केवळ हुकूमनाम्याचा कागद उरतो. हे टाळण्यासाठी निकालापूर्वीच मालमत्ता जप्त करण्याचा अधिकार न्यायालयास देण्यात आला. या तरतुदीची आवश्यकता कोणी नाकारत नाही. परंतु ज्याचे देणे अद्याप सिद्ध झालेले नाही, त्याला तिची जी किंमत मोजावी लागते तिचा विचार विधिविषयक लेखनात अभावानेच आढळतो.

नियमाची अट आणि सशर्त जप्ती :

नियमाची अट कठोर आहे. भविष्यात होऊ शकणाऱ्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत अडथळा आणण्याच्या किंवा विलंब लावण्याच्या हेतूने प्रतिवादी मालमत्ता विकण्याच्या अथवा न्यायालयाच्या स्थानिक हद्दीबाहेर नेण्याच्या बेतात आहे, याबद्दल न्यायालयाची खात्री पटली पाहिजे. केवळ विक्री पुरेशी नाही, तिच्यामागील हेतू दिसला पाहिजे. कलकत्ता उच्च न्यायालयाने १९५१ साली प्रसिद्ध झालेल्या प्रेमराज मुंद्रा प्रकरणातील निवाड्यात मोघम आरोपांवर विसंबून जप्ती देता येणार नाही, शपथपत्रात तपशील आणि माहितीचा आधार आला पाहिजे, असे स्पष्ट केले. सर्वोच्च न्यायालयाने रमण टेक विरुद्ध सोलंकी ट्रेडर्स या प्रकरणात २००७ मध्ये हा अधिकार असाधारण ठरविला, आणि बिनतारणी येणे तारणी करून घेण्यासाठी त्याचा वापर होऊ नये असे बजावले.

तत्त्व इतके स्पष्ट असूनही अडचण उरते, ती उपनियम ३ मुळे. उपनियम १ प्रमाणे प्रतिवादीस तारण देण्याची किंवा कारण दाखविण्याची संधी मिळते. परंतु त्याच आदेशात न्यायालय सशर्त जप्तीही फर्मावू शकते. म्हणजे प्रतिवादीचे म्हणणे ऐकण्यापूर्वीच मालमत्तेस कुलूप लागू शकते. समजा, एखाद्या लहान कारखानदाराचे चालू खाते आणि तयार माल अशा आदेशाखाली आला. मजुरी, वीजबिल, कच्चा माल यांपैकी काहीही पुढील तारखेपर्यंत थांबत नाही. अशा वेळी तो कारण दाखवीत बसण्याऐवजी तडजोड पत्करण्याचीच शक्यता अधिक. दाव्यात तथ्य किती, हा प्रश्न मग न्यायालयापुढे येतच नाही.

१९७६ च्या दुरुस्तीने उपनियम ४ घालून उपनियम १ चे पालन न करता केलेली जप्ती शून्यवत ठरविली. ही दुरुस्ती स्वागतार्ह होती. मात्र अपिलाच्या वाटेवर पोकळी राहिली. आदेश ४३ मधील अपीलयोग्य आदेशांच्या यादीत आदेश ३८ चे नियम २, ३ व ६ आहेत; नियम ५ चा उल्लेख नाही. यादीचे शब्द जसेच्या तसे वाचले तर कारण न दाखविल्यामुळे किंवा तारण न दिल्यामुळे पुढे झालेल्या जप्तीविरुद्ध अपील आहे, पण सर्वाधिक झळ पोहोचविणाऱ्या पहिल्या एकतर्फी आदेशाविरुद्ध ते दिसत नाही.

शेतकऱ्याच्या बाबतीत संहिताकारांनी अधिक दूरदृष्टी दाखविली. नियम १२ अन्वये शेतकऱ्याच्या ताब्यातील शेतमाल निकालापूर्वी जप्त करता येत नाही. एका हंगामाचे पीक अडकले तर वर्ष बुडते, ही जाण त्यामागे असावी. कारागिराच्या किंवा छोट्या दुकानदाराच्या मालासाठी आदेश ३८ मध्ये असे कवच नाही.

भरपाईची मर्यादा :

अपुऱ्या कारणांवर जप्ती मिळविली असल्यास, किंवा दावा फसून तो दाखल करण्यास वाजवी आधार नव्हता असे दिसल्यास, कलम ९५ प्रतिवादीस भरपाई देते. मूळ मर्यादा एक हजार रुपयांची होती. १९९९ च्या दुरुस्तीने ती पन्नास हजार झाली आणि १ जुलै २००२ पासून लागू झाली. आकडा तेव्हापासून तेथेच आहे. कोट्यवधींच्या दाव्यात जप्ती मागणाऱ्या वादीस ही जोखीम नगण्य वाटणार, हे उघड आहे. शिवाय या अर्जावर आदेश झाला की त्याच जप्तीबद्दल भरपाईचा स्वतंत्र दावा करता येत नाही. प्रतिवादीने त्वरित पण तुटपुंजी भरपाई घ्यावी, की नव्या दाव्याची वर्षे मोजावीत, असा हा पेच आहे.

लवाद कायद्याच्या कलम ९ खालील अंतरिम संरक्षणाच्या संदर्भात हाच प्रश्न पुन्हा उभा राहिला. सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एस्सार हाऊस प्रकरणात नियम ५ च्या काटेकोर अटींनी न्यायालयाचे हात बांधले जात नाहीत असे म्हटले; त्याच महिन्याच्या अखेरीस सांघी इंडस्ट्रीज प्रकरणात त्या अटींची पूर्तता आवश्यक मानली. दोन्ही निवाड्यांचा मेळ घालण्याचे प्रयत्न होतील. तोपर्यंत पैशाच्या वादात लवादाचे कलम असलेला करार करणारा व्यापारी आणि दिवाणी न्यायालयात जाणारा व्यापारी यांच्यासाठी जप्तीचा उंबरठा एकाच उंचीचा आहे काय, हे कनिष्ठ न्यायालयांना प्रत्येक अर्जावर ठरवावे लागेल.