शेवटीं उरलें तें कोण?

‘स्क्विड गेम’ या कोरियन चित्रमालिकेचा तिसरा व अखेरचा भाग २७ जून २०२५ रोजीं प्रसिद्ध झाला, आणि त्याचा शेवट पाहून पुष्कळ प्रेक्षकांचा हिरमोड झाला. ज्या नायकाच्या मागोमाग आपण तीन भाग चाललों तो सॉंग गी-हुन मरतो, आणि ४५६ खेळाडूंच्या त्या खेळांत विजयी म्हणून उरतें तें कोण, तर खेळ चालू असतांनाच जन्मलेलें एक तान्हें मूल! एवढा रक्तपात होऊन नायकाच्या हातीं काय लागलें, असा या प्रेक्षकांचा प्रश्न आहे. प्रश्न रास्त आहे. पण ‘कांहीं नाहीं’ असें जें त्याचें उत्तर सरसकट दिलें जातें तें आम्हांस मान्य नाहीं. या कथेला साजेल असा दुसरा शेवट नव्हता असें आमचें मत आहे, आणि तें कां, हें येथें थोडक्यांत सांगावयाचें आहे.

ज्या वाचकांनीं ही मालिका पाहिली नसेल त्यांच्याकरितां कथेचा सांगाडा प्रथम देतों. कर्जांत बुडालेलीं ४५६ माणसें एका एकाकी बेटावर आणलीं जातात. तेथें त्यांनीं कोरियन मुलांचे साधे खेळ खेळावयाचे, आणि जो हरला तो प्राणास मुकला. प्रत्येक मृत्यूगणिक १० कोटि वॉन बक्षिसाच्या रकमेंत पडतात, व अखेरपर्यंत तगणारास ४५६० कोटि वॉन मिळावयाचे असतात. जमिनीवर माकुळासारखी आकृति आंखून कोरियांतील मुलें जो खेळ खेळत असत, त्याचेंच नांव मालिकेस दिलेलें आहे. लेखक व दिग्दर्शक ह्वांग डोंग-ह्योक यांना ही कथा सुचली ती २००८-०९ च्या आर्थिक मंदींत, स्वतः पैशाच्या विवंचनेंत असतांना. पुढें सुमारें दहा वर्षें ती हातीं घेण्यास कोणी धजला नाहीं. पहिला भाग २०२१ च्या सप्टेंबरांत व दुसरा २०२४ च्या डिसेंबरांत निघाला. गी-हुनचें पात्र त्यांनीं २००९ सालीं प्योंगटेक येथील सांगयोंग मोटारीच्या कारखान्यांत झालेल्या संपावरून बेतलें. अडीच हजारांवर कामगारांना काढून टाकण्याच्या बेताविरुद्ध तो संप ७७ दिवस चालला होता. हें ध्यानांत ठेवलें म्हणजे गी-हुन हा नुसता शर्यतीच्या नादीं लागलेला उडाणटप्पू नव्हे, एका मोडलेल्या संपांतून बाहेर फेंकला गेलेला कामगार आहे, हें विसरलें जाणार नाहीं.

आतां या खेळाच्या चालकांपाशीं आपल्या समर्थनार्थ एक युक्तिवाद सदैव तयार असतो. ते म्हणतात, येथें कोणावर सक्ति नाहीं. प्रत्येकानें करारावर सही केली आहे. बहुमत झालें तर खेळ थांबतो. आणि बाहेरच्या जगांत जी समान संधि या लोकांस कधीं मिळाली नाहीं ती येथें मिळते. दुसऱ्या व तिसऱ्या भागांत तर एकेका खेळानंतर रीतसर मतदान होतें, आणि मेलेल्यांची प्रेतें अजून गरम असतांना जिवंत माणसें पुढच्या खेळाच्या बाजूनें मत देतात. हा युक्तिवाद लबाडीचा आहे हें आपणांस जाणवतें. पण तो खोडून काढणें सोपें नाहीं, कारण सह्या खऱ्या असतात व मतेंहि खरीं असतात. गळ्याला फांस लागलेल्या माणसाच्या संमतीला संमति म्हणावें काय, हा प्रश्न मालिका पहिल्या भागापासून विचारीत आली आहे. त्याचें उत्तर कोणा पात्राच्या भाषणानें देणें लेखकाला शक्य होतें. त्यानें तें एका अर्भकाच्या द्वारें दिलें, आणि येथेंच त्याची कल्पकता दिसते.

मालिकेंत आपली खरी ओळख होते ती तीन विजेत्यांशीं. त्यांतला पहिला ह्वांग इन-हो. हा एके काळचा पोलीस अधिकारी, २०१५ सालच्या खेळांत एकटा उरलेला, आणि पुढें काळा मुखवटा चढवून त्याच खेळाचा कारभारी झालेला. तो कसा उरला हें तिसऱ्या भागांत कळतें. अखेरच्या रात्रीं त्याच्या हातीं एक सुरा देण्यांत आला, व निजलेल्या सोबत्यांना मारून टाकण्याची वाट दाखविण्यांत आली. त्यानें ती वाट धरली. ज्यानें एकदां अशी किंमत देऊन जीव राखला, त्याला पुढें ‘माणसें अशींच असतात’ यावर विश्वास ठेवल्यावांचून जगणें अशक्य होतें. त्याचा सारा तुच्छतावाद हा मुळांत स्वतःच्या कृत्यावर घातलेलें पांघरूण आहे.

दुसरा विजेता खुद्द गी-हुन. पहिल्या भागाच्या अखेरीस बालमित्र सांग-वू याला मारण्याची वेळ आली तेव्हां त्यानें हात आखडला, आणि सारें बक्षीस सोडून खेळ थांबविण्याची तयारी दाखविली. सांग-वू यानें स्वतःच्या गळ्यांत सुरी खुपसून घेतली म्हणून तो जिंकला. घरीं आला तों आई मरून पडलेली. पुढें वर्षभर त्या पैशाला त्याचा हात लागला नाहीं. याचा विजय इन-होच्या विजयाहून निराळा आहे. तरी तोहि इतरांच्या मरणावर उभा आहे, आणि हें शल्यच त्याला पुन्हां त्या बेटावर ओढून नेतें.

तिसरा विजेता म्हणजे हें मूल. त्याची आई किम जुन-ही गरोदर अवस्थेंत खेळांत शिरली, लपंडावाच्या जीवघेण्या डावांत प्रसूत झाली, आणि पाय मोडल्यामुळें दोरीच्या खेळांत पलीकडे जाणें अशक्य आहे हें ओळखून, आपल्यापायीं गी-हुननें जीव धोक्यांत घालूं नये म्हणून तिनें आपणहून खालीं उडी घेतली. तिच्याआधीं जांग गुम-जा नांवाच्या वृद्धेनें, बाळंतिणीच्या अंगावर धांवून आलेल्या पोटच्या मुलावर शस्त्र चालविलें, आणि त्या दुःखानें स्वतःचा अंत करून घेतला. धनिक प्रेक्षकांच्या लहरीनें बाळाला आईच्या जागीं खेळाडू ठरविण्यांत आलें. येथें चालकांचा युक्तिवाद एकाएकीं कोसळतो. या खेळाडूनें कोठें सही केली होती? याच्यावर कोणाचें कर्ज होतें? बहुमत तें काय, हें याला कोण समजावणार? तरीहि अखेरच्या खेळांत, उंच मनोऱ्यांवरून कोणाला ढकलावें याची चर्चा सुरू होते तेव्हां, सभ्य बैठकींत शोभेल अशा रीतीनें मतें घेतलीं जातात.

हें दृश्य पाहतांना आम्हांस द्यूतसभेची आठवण झाली. स्वतःस हरलेल्या माणसाला दुसऱ्याला पणास लावण्याचा अधिकार उरतो काय, हा द्रौपदीचा प्रश्न होता, आणि भीष्मासारख्या ज्ञात्यालाहि त्याचें निश्चित उत्तर देतां आलें नाहीं. द्रौपदीला निदान प्रश्न विचारतां येत होता. या बाळाला तेंहि शक्य नाहीं, म्हणून तिच्या वतीनें दुसऱ्या कोणी तरी बोलणें प्राप्त होतें. बोलण्याचा पहिला हक्क तिच्या जन्मदात्याचा. पण ली म्योंग-गी हा तरुण स्वतःचा जीव व पैसा यांच्या हिशोबांत इतका गुरफटलेला आहे कीं त्याच्या हातीं बाळ सुखरूप राहील असा भरंवसा गी-हुनला वाटत नाहीं, व आपणांसहि वाटत नाहीं. दोघांच्या झटापटींत बाप खालीं पडतो. पण डाव सुरू करण्याची कळ तेव्हां दाबलेली नसते. म्हणून त्याचें मरण हिशोबांत धरलें जात नाहीं, आणि आणखी एक बळी द्यावाच लागतो.

मनोऱ्यावर आतां दोघेंच आहेत. गी-हुन बाळाला खालीं ठेवतो, कळ दाबतो, आणि वर बसलेल्या प्रेक्षकांना उद्देशून सांगूं लागतो कीं आम्ही घोडे नाहीं, आम्ही माणसें आहों. पहिल्या भागाच्या अखेरीस इन-होनें त्याला व त्याच्या सोबत्यांना शर्यतीचे घोडे म्हटलें होतें, त्याचें हें उत्तर. माणूस म्हणजे काय हें सांगण्यास तो सुरुवात करतो, आणि वाक्य अर्धें टाकून मागें झोंकून देतो. हें अर्धें वाक्य कित्येकांस खटकलें. आमच्या मतें मालिकेंतील सर्वांत प्रामाणिक क्षण तोच. कारण या गी-हुनचे हात स्वच्छ नाहींत. आपल्या फसलेल्या बंडाचा राग काढण्याकरितां त्यानें डे-हो नांवाच्या भेदरलेल्या पोराचा गळा याच भागांत आवळलेला आहे. अशा माणसानें मनुष्यत्वाची व्याख्या पूर्ण करून दाखविली असती तर ती पोकळ वाटली असती. पण इन-होनें देऊं केलेला सुरा निजलेल्या माणसाच्या गळ्यापर्यंत नेऊन त्यानें परत आणला होता, हेंहि आपण पाहिलेलें असतें. अधमपणा व थोरपणा दोन्ही एकाच हातांनीं केलेलीं असल्यामुळें त्याला सांगण्यासारखी व्याख्या उरली नव्हती. पुढचें त्यानें कृतीनें सांगितलें.

या शेवटांत दोष नाहींत असें मात्र आम्ही म्हणत नाहीं. मुखवटे घातलेल्या त्या धनिकांचें बोलणें इतकें बटबटीत आहे कीं त्यांच्या क्रूरपणाची भीति वाटण्याऐवजीं कंटाळा येतो. इन-होचा धाकटा भाऊ दोन भाग समुद्रावर बेट शोधीत हिंडतो, आणि सांपडल्यावर एक प्रश्न ओरडून विचारण्यापलीकडे त्याच्या हातून कांहीं घडत नाहीं. बाळहि पुष्कळदां जिवंत अर्भक न वाटतां मांडणीकरितां ठेवलेली वस्तु वाटतें. सर्वांत मोठी उणीव पैशासंबंधीं आहे. सहा महिन्यांनंतर इन-हो तें बाळ व तिच्या नांवची ४५६० कोटि वॉनांची रक्कम भावाच्या घरीं पोहोंचवितो. जिच्या एकेका नाण्याला रक्त लागलें आहे अशी ही संपत्ति गी-हुनला वर्षभर शिवली नाहीं. मग ती या मुलीच्या माथीं मारतांना लेखकास थोडीहि शंका कां येऊं नये? जिला कर्ज नव्हतें तिला त्यानें मोठेपणीं फेडावयाचें एक ऋण देऊन ठेवलें, आणि त्याचा उच्चारहि केला नाहीं.

खेळ थांबला नाहीं, हा आक्षेप मात्र आम्हांस पटत नाहीं. अखेरच्या दृश्यांत लॉस एंजेलिसच्या एका गल्लींत गोऱ्या वर्णाची एक स्त्री कोण्या कंगालाला कागदी चौकोनांच्या खेळांत गुंतवितांना दिसते, म्हणजे धंदा समुद्रापार चालूच आहे. गी-हुनच्या मरणानें तो बंद पडला असता तर तें सोयीचें झालें असतें. खरें झालें नसतें. ज्या कर्जबाजारीपणामुळें असे खेळाडू मिळतात तो एका माणसाच्या उडीनें कसा नाहींसा व्हावा? गी-हुननें खेळ मोडून अमेरिकेंत मुलीला भेटावें असा शेवट आपल्या मनांत प्रथम होता, असें ह्वांग यांनींच सांगितलें आहे. तो त्यांनीं टाकला हें बरें केलें. मुलीकडे गेलें तें गी-हुनचें रक्ताळलेलें वस्त्र, आणि तें घेऊन गेला तो इन-हो. ज्यानें सुरा स्वीकारला त्यानें, ज्यानें तो नाकारला त्याचें ओझें वाहावें, यांत एक कडक न्याय आहे.

एक गोष्ट कोरियाच्या संदर्भांत सांगण्याजोगी आहे. ज्या देशांतून ही कथा आली त्या दक्षिण कोरियांत २०२३ सालीं दर स्त्रीमागें अपत्यांचें प्रमाण ०.७२ इतकें उतरलें होतें, आणि तें जगांतील सर्वांत कमी होतें. घरांच्या किंमती, शिक्षणाची जीवघेणी स्पर्धा, नोकरीची अनिश्चितता यांमुळें तेथील तरुण मुलें होऊं देण्यास कचरतात. अशा देशांतल्या लेखकानें आपल्या सर्वसंहारक कथेच्या अखेरीस एकच जीव राखावयाचा ठरविला, आणि तो नवजात मुलीचा राखला. तिला वांचविण्याकरितां ज्यांनीं प्राण दिले त्यांत तिच्या रक्ताची एकटी आईच. बाकीचीं परकीं होतीं. पहिल्या भागांत जो उरला तो ‘मी कां उरलों’ या प्रश्नानें पोळत राहिला. या मुलीला तो प्रश्न पडेल तेव्हां तिला देण्यासारखें एक उत्तर त्या परक्या माणसांनीं मागें ठेवलें आहे.