उघड बोलण्याची अट : स्टीफन कार्टर यांचे नीतिलेखन आणि रहस्यकादंबरी

मराठी समीक्षाव्यवहारात वैचारिक गद्य आणि रहस्यकथा हे दोन प्रांत परस्परांपासून दूर ठेवले गेले आहेत. एका बाजूला कायद्याच्या अभ्यासकांनी सार्वजनिक नीतीविषयी लिहिण्याची परंपरा आहे. न्या. महादेव गोविंद रानडे आणि न्या. काशिनाथ त्र्यंबक तेलंग यांच्यापासून मराठवाड्यातील न्या. नरेंद्र चपळगावकर यांच्यापर्यंत ती चालत आलेली दिसते. दुसऱ्या बाजूला हजाराहून अधिक पुस्तके लिहिणारे बाबूराव अर्नाळकर आहेत आणि वकील असलेल्या अमर विश्वासला नायक करणारे सुहास शिरवळकर आहेत. पहिल्या परंपरेला विचारवंतांचा मान मिळाला, दुसरीला वाचकांचे प्रेम मिळाले. न्यायविचार करणाऱ्या लेखणीने रहस्यकथेचा घाट गांभीर्याने हाताळावा, असे मात्र मराठीत सहसा घडले नाही. त्यामुळे या दोन लेखनप्रकारांचा एकमेकांशी काही वाद असू शकतो का, हा प्रश्नच समीक्षेपुढे उभा राहिला नाही.

अमेरिकन विधिज्ञ स्टीफन एल. कार्टर यांचे लेखन हा प्रश्न उपस्थित करते. 1954 साली वॉशिंग्टन येथे जन्मलेले कार्टर 1982 पासून येल विद्यापीठात कायद्याचे अध्यापन करीत आले आहेत. तत्पूर्वी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयातील पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती थर्गुड मार्शल यांच्या हाताखाली त्यांनी विधिसाहाय्यक म्हणून काम केले होते. 'द कल्चर ऑफ डिसबिलीफ' (1993), 'द कन्फर्मेशन मेस' (1994), 'इंटिग्रिटी' (1996) आणि 'सिव्हिलिटी' (1998) या ग्रंथांनी सार्वजनिक नीतीचे भाष्यकार म्हणून त्यांची ओळख निर्माण केली. त्यानंतर 2002 मध्ये 'द एम्परर ऑफ ओशन पार्क' ही त्यांची पहिली रहस्यकादंबरी प्रसिद्ध झाली आणि पुढील बारा वर्षांत आणखी पाच कादंबऱ्या आल्या. प्राध्यापकाने विरंगुळा म्हणून केलेले लेखन अशी या कादंबऱ्यांची संभावना करणे सोपे आहे. तथापि, नीतिग्रंथ आणि कादंबऱ्या शेजारी ठेवून वाचल्या असता ग्रंथांनी घातलेली एक अट कादंबऱ्या पुन्हा पुन्हा तपासून पाहत आहेत असे आढळते.

ही अट 'इंटिग्रिटी'मध्ये आहे. मराठीत 'सचोटी' हा शब्द त्यासाठी वापरता येईल. सचोटीच्या तीन पायऱ्या कार्टर मानतात. योग्य काय आणि अयोग्य काय याचा विवेकपूर्वक निर्णय करणे ही पहिली. स्वतःला झळ सोसावी लागली तरी त्या निर्णयाप्रमाणे वागणे ही दुसरी. आणि आपण योग्य-अयोग्याच्या आपल्या समजुतीनुसार वागत आहोत हे उघडपणे सांगणे ही तिसरी. पहिल्या दोन पायऱ्या कोणत्याही नीतिविचारात सापडतील. कार्टर यांचे वेगळेपण तिसरीत आहे. चांगले वागावे पण त्याचा उच्चार करू नये, असा संस्कार आपल्याकडेही खोल रुजलेला आहे. कार्टर यांना तो अपुरा वाटतो, कारण सार्वजनिक जीवनात इतरांनी आपल्यावर विश्वास ठेवायचा तर आपल्या वर्तनाची कारणे त्यांना कळली पाहिजेत. ग्रंथाच्या आरंभी त्यांनी अमेरिकन फुटबॉलमधील एका खेळाडूचे उदाहरण दिले आहे. चेंडू झेलला गेलेला नसताना तो झेलल्याचा आव आणतो, पंच फसतात आणि समालोचक त्याच्या प्रसंगावधानाची वाहवा करतो. चेंडू बॅटीला लागला आहे हे ठाऊक असूनही पंचांच्या बोटाची वाट पाहत उभा राहणारा फलंदाज ज्या वाचकाने पाहिला आहे, त्याला या उदाहरणाचे मर्म वेगळे सांगावे लागत नाही. नियमाचा भंग झाला की नाही हे पंच ठरवतील, परंतु खरे बोलण्याची जबाबदारी नियमाच्या पलीकडे उरते.

कायद्याच्या आवाक्याबाहेर उरणारी ही जागा हाच कार्टर यांच्या नीतिविचाराचा विषय आहे. ब्रिटनमध्ये 1959 पासून लॉर्ड डेव्हलिन आणि एच. एल. ए. हार्ट यांच्यात झालेला वाद, कायद्याने नीतीची सक्ती करावी का, या प्रश्नाभोवती फिरत होता. कार्टर यांचा प्रश्न उलट दिशेचा आहे : कायदा ज्याची सक्ती करू शकत नाही त्या नीतीवाचून कायदा टिकेल काय? डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 4 नोव्हेंबर 1948 रोजी संविधान सभेत सांविधानिक नीतीचा उल्लेख करताना ती स्वाभाविक भावना नसून जोपासावी लागते, असे प्रतिपादन केले होते. त्या प्रतिपादनाशी कार्टर यांच्या चिंतेचे नाते जोडता येते.

आता रहस्यकादंबरीच्या घाटाकडे पाहावे. या वाङ्मयप्रकाराचे अस्तित्वच लपवण्यावर अवलंबून असते. पात्रे एकमेकांपासून लपवतात, निवेदक वाचकापासून लपवतो आणि लेखक योग्य क्षणापर्यंत माहिती रोखून धरतो. सचोटीची तिसरी पायरी जर उघड बोलण्याची असेल, तर रहस्यकादंबरी हा त्या पायरीशी तत्त्वतः विसंगत असा घाट ठरतो. उघडपणाचा आग्रह धरणाऱ्या लेखकाने नेमका हाच घाट निवडावा, यात त्यांच्या कादंबऱ्यांचे खरे वाङ्मयीन औत्सुक्य आहे.

'द एम्परर ऑफ ओशन पार्क'चा निवेदक टॅलकॉट गारलंड हा कायद्याचा प्राध्यापक आहे. त्याचे वडील, न्यायाधीश ऑलिव्हर गारलंड, यांच्या मृत्यूने कथानकाला प्रारंभ होतो. या न्यायाधीशांचे नाव रेगन यांच्या कारकिर्दीत सर्वोच्च न्यायालयासाठी सुचवले गेले होते, पण जॅक झिग्लर या संशयास्पद मित्राशी असलेले संबंध उघडकीस येऊन नियुक्ती फसली. दफनाच्या वेळी हाच झिग्लर मुलाला वडिलांनी करून ठेवलेल्या 'व्यवस्थे'विषयी विचारतो. ही व्यवस्था कोणती, याचा शोध म्हणजे कादंबरी. बुद्धिबळाच्या एका दुर्घट कोड्याचा धागा या शोधाला जोडलेला आहे.

भारतीय वाचकाला येथील पार्श्वभूमी थोडी समजावून घ्यावी लागते. अमेरिकेत सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तीचे नाव राष्ट्राध्यक्ष सुचवतात आणि सिनेटसमोर त्याची जाहीर सुनावणी होते. आपल्याकडे 1993 च्या निकालानंतर न्यायवृंदाच्या शिफारशीने नेमणुका होऊ लागल्या. उमेदवाराची जाहीर झडती ही कल्पना आपल्याला अपरिचित आहे. अमेरिकेत 1987 मध्ये रॉबर्ट बोर्क यांची नियुक्ती सिनेटने फेटाळली आणि 1991 मध्ये क्लॅरन्स थॉमस यांची सुनावणी सारा देश दूरचित्रवाणीवर पाहत होता. या अनुभवांच्या पार्श्वभूमीवर कार्टर यांनी 'द कन्फर्मेशन मेस'मध्ये असे मांडले, की उमेदवाराच्या आयुष्यात एखादा डाग सापडतो का, याची शिकार करण्याची वृत्ती लोकशाहीला हितकारक नाही. माणसाच्या नैतिक जाणिवेचा समग्र विचार व्हावा, एका चुकीवरून त्याला बाद करू नये, असा त्यांचा आग्रह होता.

कादंबरीत हाच विषय येतो आणि निष्कर्ष मात्र बदलतो. आरंभी न्यायाधीश गारलंड हे अशा शिकारीचे बळी वाटतात. कुटुंबाची तशी श्रद्धा आहे. पुढे उलगडते ते असे : धाकटी मुलगी ॲबी हिला मोटारीने धडक देऊन पळून गेलेल्या चालकाला कायद्याने शासन केले नाही, तेव्हा पित्याने झिग्लरच्या मदतीने सूड घेतला आणि त्याची परतफेड न्यायासनावरून केली. म्हणजे शिकाऱ्यांना सापडला त्यापेक्षा मोठा अपराध दडलेला होता. नीतिग्रंथाने ज्या झडतीवर आक्षेप घेतला, तिची गरज कादंबरीचे कथानक मान्य करते, आणि त्याच वेळी ती झडती सत्यापर्यंत पोहोचू शकली नाही हेही दाखवते. निबंधाला एक भूमिका घ्यावी लागते. कथानकाला परिणामांची साखळी शेवटपर्यंत न्यावी लागते, आणि त्या ओघात लेखकाची स्वतःची भूमिकाही तपासली जाते. सिद्धान्त आणि कथा यांच्यातील ही विसंगती कार्टर यांच्या लेखनाचे बळ आहे. जेथे कादंबरी ग्रंथाचे केवळ उदाहरण होत नाही, तेथेच ती कादंबरी होते.

कथनमीमांसेच्या दृष्टीने शेवट अधिक महत्त्वाचा आहे. वडिलांच्या अपराधाचे सत्य हाती आल्यावर टॅलकॉट ते जगापुढे मांडत नाही. विवेक त्याने केला आहे, झळही सोसली आहे. तिसरी पायरी मात्र तो चढत नाही. मराठी माणूस याला 'झाकली मूठ सव्वा लाखाची' म्हणेल. जालना जिल्ह्यातील पिंपळगाव रेणुकाईसारख्या गावातील विद्यार्थ्याला सिनेटची सुनावणी परकी वाटेल, परंतु घरातील कर्त्या पुरुषाचे काय सांगायचे आणि काय झाकायचे, या पेचाची ओळख त्याला कोणत्याही ग्रंथाने करून द्यावी लागणार नाही. येथे प्रथमपुरुषी निवेदनाचा प्रश्न उपस्थित होतो. टॅलकॉट जे समाजाला सांगत नाही ते सारे वाचकाला सांगतो. सार्वजनिक उच्चाराची जागा कथनाने घेतली आहे. हा कबुलीजबाब आहे की पळवाट, याचा निवाडा कादंबरी देत नाही. वाचक मात्र त्या गुपिताचा भागीदार होतो, आणि नीतिग्रंथाच्या वाचकावर अशी भागीदारी कधीच येत नाही.

या कादंबरीचे दोषही नोंदवले पाहिजेत. तिचा विस्तार मोठा आहे आणि तो सर्वत्र समर्थनीय नाही. विवाहसंस्था, विद्यापीठीय राजकारण, वंशभेद यांविषयी निवेदक जेव्हा दीर्घ टिप्पणी करू लागतो तेव्हा त्याच्या तोंडून निबंधकार बोलत असल्याचे जाणवते. वर्गात व्याख्यान देण्याची प्राध्यापकाची सवय पात्राची आहे असे म्हणून हा दोष काही अंशी झाकता येईल, पण त्यामुळे रहस्याचा ताण सैलावतो हे खरेच. असे असले तरी समृद्ध कृष्णवर्णीय उच्चवर्गाचे तपशीलवार दर्शन आणि त्या वर्गाला प्रतिष्ठेसाठी मोजावी लागणारी किंमत यांचे चित्रण कथानकात एकजीव झाले आहे. प्रतिष्ठा उशिरा आणि कष्टाने मिळालेल्या समाजाला उघड बोलणे अधिक महाग पडते, हा अर्थ 'इंटिग्रिटी'च्या तर्कशुद्ध मांडणीत शिरू शकला नव्हता.

'बॅक चॅनल' (2014) मध्ये हाच प्रश्न दुसऱ्या टोकाकडून येतो. 1962 च्या क्यूबा पेचप्रसंगावर आधारलेल्या या कादंबरीत मार्गो जेन्सन ही एकोणीस वर्षांची विद्यार्थिनी दोन महासत्तांमधील गुप्त वाटाघाटींचा दुवा बनते. येथे गुप्तता हाच जग वाचवण्याचा मार्ग आहे आणि तिचे मोल मार्गोच्या लौकिकाला चुकवावे लागते. म्हणजे लपवणे हे पहिल्या कादंबरीत पापाचे आवरण होते, तर येथे ते कर्तव्य होते. कादंबरीकार कार्टर तिसरी पायरी नाकारीत नाहीत. ती केव्हा, कोणासाठी आणि कोणाच्या खर्चाने चढायची, हे प्रसंगावाचून ठरवता येत नाही, एवढे ते दाखवतात.

या प्रवासाचे मूळ त्यांच्या घराण्यातही शोधता येते. 'इनव्हिजिबल' (2018) हे त्यांनी लिहिलेले आजीचे चरित्र आहे. युनिस हंटन कार्टर या न्यूयॉर्कमधील सरकारी वकील होत्या. वेश्याव्यवसायाच्या आरोपाखाली पकडल्या जाणाऱ्या निरनिराळ्या स्त्रियांच्या बचावात एकच पद्धत दिसते हे त्यांच्या ध्यानात आले, आणि त्या धाग्यावरून थॉमस ड्यूई यांच्या पथकाला 1936 मध्ये लकी लुसियानो या टोळीप्रमुखाला दोषी ठरवता आले. सार्वजनिक नीतीच्या नावाखाली चालणारे किरकोळ खटले आणि त्यांच्यामागे दडलेली संघटित गुन्हेगारी यांचा संबंध ज्या नजरेने हेरला, ती नजर विधिज्ञाची होती तशीच रहस्यकथेतील शोधकाचीही होती.

मराठीकडे वळल्यावर नाटकाचे उदाहरण समोर येते. आचार्य अत्रे यांच्या 'तो मी नव्हेच' (1962) मध्ये न्यायालय बहुरूपी भामट्याचे सत्य चव्हाट्यावर आणते आणि प्रेक्षक निश्चिंत होतो. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' (1967) मध्ये खेळातले न्यायालय एका स्त्रीचे खाजगी आयुष्य उघडे करते, आणि उघड करणे हीच हिंसा ठरते. उघडपणाच्या नीतीची ही दोन टोके मराठी रंगभूमीने पाच वर्षांच्या अंतराने दाखवली. गद्यात मात्र ती चर्चा दोन कपाटांत विभागली गेली. रहस्यकथेत गुन्हेगार सापडला की प्रश्न मिटतो, आणि वैचारिक निबंधात मुळी गुन्हेगारच नसतो. अर्नाळकरांचा काळापहाड कायद्याबाहेर राहून न्याय करतो. त्याला गुप्तता का लागते आणि वाचक ती का मान्य करतो, या प्रश्नाला वाङ्मयीन तसेच नैतिक बाजूही आहे. रंजनप्रधान या एका विशेषणाने तो निकालात काढल्यामुळे वाचकांच्या दोन-तीन पिढ्यांनी न्यायाविषयी केलेल्या विचाराचे एक मोठे साधन समीक्षेच्या हातून निसटले आहे. कार्टर यांच्या सहा कादंबऱ्यांचे कलामूल्य समान नाही, आणि अभिजात साहित्यात त्यांची गणना व्हावी असा आग्रह धरण्याचे कारणही नाही. परंतु विचारवंताच्या सिद्धान्ताला त्याचीच रहस्यकथा प्रतिप्रश्न करू शकते, हे त्या सिद्ध करतात. तो प्रतिप्रश्न ऐकण्यासाठी मराठी समीक्षेला अर्नाळकर आणि शिरवळकर यांच्याकडे पुन्हा जावे लागेल, आणि या वेळी त्यांच्या शेजारी रानडे-तेलंगांचे ग्रंथही उघडून ठेवावे लागतील.