‘टीन टायटन्स’ : अर्धेच उच्चारलेले दुःख

‘टीन टायटन्स’ ही अमेरिकन चित्रमालिका २००३ ते २००६ या काळात कार्टून नेटवर्कवर झाली. एकूण भाग ६५. नाशिकमधल्या आमच्या वस्तीतली जी पोरे ती पाहत वाढली, ती आता नोकरीला लागली. तरी ती मालिका त्यांच्या मनातून जात नाही. पोरखेळ म्हणून मी तिच्याकडे दुर्लक्ष केले होते. अलीकडे भाच्याच्या आग्रहाने ती पाहिली आणि मत बदलावे लागले.

पाच तरुण एकत्र राहतात, एकत्र लढतात. रॉबिन त्यांचा म्होरक्या. बीस्ट बॉय कोणत्याही प्राण्याचे रूप घेणारा. स्टारफायर परग्रहावरची. रेव्हन राक्षसाची मुलगी. बापाच्या रक्ताचा कलंक तिला जन्मतःच चिकटलेला. सायबॉर्ग कृष्णवर्णीय, अर्धे शरीर यंत्राचे. त्यांच्या मनोऱ्यात कुणी कुणाचे कुळ विचारीत नाही. भाड्याची खोली शोधताना ज्याला आधी आडनाव सांगावे लागते, त्याला हा मनोरा का आवडावा, हे वेगळे सांगायला नको.

‘ट्रॉक’ नावाच्या भागात बाहेरून आलेला एक वीर स्टारफायरला ‘ट्रॉक’ म्हणत राहतो. अर्थ : कवडीमोल. सायबॉर्ग तिला धीर देतो. दिसण्यावरून तोलले जाणे त्यालाही ठाऊक आहे. का, तर तो अर्धा यंत्र आहे! कृष्णवर्णीय तरुणाच्या तोंडी हे कारण! ओठावर आलेला शब्द येथे लेखकांनी गिळला आहे. मुलांना आडूनच सांगावे लागते, असे कुणी म्हणेल. आडून सांगितल्यामुळे ती व्यथा कुणालाही आपली वाटते, हे मला मान्य आहे. पण आपल्याला शिवी आडून दिली जात नाही.

शेवटी स्टारफायर म्हणते की काहींची मने बदलत नाहीत. जे भेद करीत नाहीत त्यांचेच बोलणे मोलाचे. मालिका येथे थांबते. नाशिककराला येथे थांबता येत नाही. २ मार्च १९३० रोजी सुरू झालेला काळाराम मंदिर सत्याग्रह ही सवर्ण मनाचीच कसोटी होती. मने बदलली नाहीत. म्हणून १३ ऑक्टोबर १९३५ रोजी याच जिल्ह्यात, येवल्याला, बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली.

तरीही एक गोष्ट नोंदवली पाहिजे. शाळेत आपल्याला काय म्हणतात, हे भाच्याने घरी पहिल्यांदा सांगितले ते हाच भाग पाहिल्यावर. मालिकेने गिळलेला शब्द एका पोराने उच्चारला. हे श्रेय थोडे नाही. पुढचे आपल्या लेखकांनी लिहायचे आहे.