साक्षीदाराची उलटतपासणी : हारून फारोकी यांचा ‘आउफशुब’

नव्या चित्रपटात जुनी फिल्म वापरली जाते तेव्हा तिला साक्षीला बोलावलेलं असतं. त्या साक्षीदाराची उलटतपासणी आपण करतो का, एवढाच आजचा प्रश्न आहे.

पीटर जॅक्सन यांनी 2018 मध्ये इम्पिरिअल वॉर म्युझियममधली पहिल्या महायुद्धाची फिल्म घेतली. तिचा वेग सुधारला, रंग भरले, ओठांच्या हालचाली वाचून घेऊन सैनिकांच्या तोंडी आवाज घातले. ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’मधली ती माणसं अगदी शेजारी येऊन बसतात, हे मान्यच करायला हवं. पण ह्या जवळिकीत कॅमेरा कुणाचा होता, हे विचारायचं आपण विसरतो.

आता फारोकींचा ‘आउफशुब’ बघू. आपण त्याला ‘तहकुबी’ म्हणू. 2007 चा, 40 मिनिटांचा मूकपट. नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्क छावणीत, 1944 साली, नाझी कमांडंटच्या हुकमावरून रुडॉल्फ ब्रेस्लाउअर ह्या ज्यू कैद्याने हे चित्रण केलं. पुढे त्यालाही आउश्वित्झला धाडलं. तो परतला नाही. फारोकी ह्या दृश्यांना ना संगीत देतात, ना निवेदन. मधेमधे फक्त पाट्या येतात.

न्यायदर्शनात शब्द प्रमाण ठरतो तो आप्ताचा असेल तरच. कमांडंट काही आप्त नव्हे. मग त्याची फिल्म टाकून द्यायची? नाही. धुरावरून अग्नी ओळखतात, तशी तिच्यातली खूण शोधायची. एका सुटकेसवर नाव आणि जन्मतारीख दिसते. त्यावरून ती गाडी 19 मे 1944 ची, हे ठरवता आलं. डब्याच्या दारातून डोक्याला फडकं बांधलेली एक मुलगी बघते. कित्येक दशकं ती ज्यू संहाराची निनावी प्रतिमा होती. 1994 मध्ये कळलं, की ती सिंती समाजातली सेटेला स्टाइनबाख.

आणि कैद्यांच्या कामाची दृश्यं? छावणी किती उपयोगी, हे त्यातून दाखवायचं होतं. फारोकी तीच दृश्यं पुन्हा दाखवतात आणि दुसरा अर्थ सुचवतात: आम्ही कामाचे आहोत, आम्हाला पाठवू नका, असं कैदीच तर म्हणत नसतील? छायाचित्रकार स्वतः कैदी होता, हे लक्षात घेतलं की हा अर्थ ओढूनताणून काढलेला वाटत नाही.

कुणी म्हणेल, ह्या पाट्याही आपली नजर हाकतातच की. हाकतात, खरंच. सुटकेसकडे बघा म्हटल्यावर आपण दुसरीकडे बघत नाही. पण पाटी सरते आणि चित्र जसंच्या तसं समोर उरतं. त्याच चित्राच्या आधारे आपण फारोकींशी वाद घालू शकतो. जॅक्सन यांनी मात्र आपला अर्थ चित्राच्या अंगातच भिनवला आहे. तिथे वाद घालायचा तरी कशाच्या आधारे?

मृतांना बोलतं करणं ही दया वाटते. त्यांच्या मुकेपणाजवळ थांबणं, हा आम्हाला त्याहून मोठा आदर वाटतो.