गीतरामायण ऐकून झाल्यावर

पुणे आकाशवाणीचं नाव काढलं की पुढचं वाक्य ठरलेलं असतं: गीतरामायण. त्यात चूक काहीच नाही. 1 एप्रिल 1955 ला, रामनवमीच्या दिवशी, या केंद्रावरून त्या मालिकेतलं पहिलं गीत प्रसारित झालं. केंद्र 2 ऑक्टोबर 1953 ला सुरू झालेलं, म्हणजे वय अवघं दीड वर्ष. कल्पना केंद्राचे सीताकांत लाड यांची, शब्द गदिमांचे, संगीत सुधीर फडक्यांचं. शुक्रवारी सकाळी नवं गीत यायचं आणि शनिवार-रविवारी तेच पुन्हा लागायचं, पावणेनऊ ते नऊ. आधी ठरली होती 52 गीतं. त्या वर्षी अधिक महिना आला आणि गीतं 56 झाली. पुढच्या रामनवमीला मालिका संपली.

पण याच केंद्राने याच वर्षी आणखी एक मालिका केली होती. गीतरामायणाचे शेवटचे आठवडे चालू असताना, फेब्रुवारी ते एप्रिल 1956 या काळात, आठवड्यातून दोनदा संध्याकाळी अर्धा तास एक कार्यक्रम लागत होता. एकूण 20 भाग. विषय शेती, आरोग्य, शिक्षण, सहकार, गावचा कारभार. ऐकणारे होते पाच जिल्ह्यांतल्या 150 गावांमधले लोक: पुणे, अहमदनगर, नाशिक, कोल्हापूर आणि तेव्हाचा उत्तर सातारा. ही मालिका पुढे जगभर अभ्यासली गेली. युनेस्कोने 1959 मध्ये तिच्यावर पुस्तक काढलं. पुण्यात दहा जणांना विचारून बघा, एकालाही तिच्याबद्दल सांगता येईल असं वाटत नाही.

एकच केंद्र, एकच उन्हाळा, दोन मालिका. एक घराघरात राहिली, दुसरी पुसली गेली. असं का झालं, आणि त्यात आपण काय गमावलं, हा या लेखाचा विषय आहे.

आधी त्या दुसऱ्या मालिकेची रीत समजून घेऊ. कल्पना मूळ कॅनडाची. तिथे 1940 च्या दशकात शेतकरी शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या घरी जमून रेडिओवरचा कार्यक्रम ऐकत, मग त्यावर बोलत. पुण्यात तीच गोष्ट आपल्या गावांच्या मापाने केली गेली. प्रत्येक गावात साधारण वीस जणांचं एक मंडळ. त्याचा एक प्रमुख आणि टिपण ठेवणारा एक जण. गावातल्या सामुदायिक रेडिओसमोर सगळ्यांनी बसायचं, कार्यक्रम ऐकायचा, तो संपला की सेट बंद करायचा आणि बोलायचं. चर्चेत निघालेले प्रश्न केंद्राकडे पाठवायचे. त्यांची उत्तरं पुढच्या एखाद्या भागात मिळायची. ऐका, चर्चा करा, कामाला लागा, अशी ती त्रिसूत्री होती.

हे 1956 आहे हे लक्षात ठेवा. खिशात मावणारा ट्रान्झिस्टर अजून गावात पोचलेला नाही. रेडिओ ठेवायला परवाना लागतो. बऱ्याच गावांत वीज नाही, सेट बॅटरीवर चालतो. अशा वेळी मीडियम वेव्हचा, म्हणजे ज्याला आपण एएम म्हणतो त्याचा एक गुण कामाला येतो. या लहरी जमिनीला धरून लांबवर जातात. एफएमचा आवाज स्वच्छ असतो, पण तो साधारण नजरेच्या टप्प्यात अडकतो. डोंगर आडवा आला की संपलं. मीडियम वेव्ह खरखरते, पण शहराची वेस ओलांडते. पुण्याचं केंद्र फक्त पुण्याचं नव्हतं, ते या खरखरीमुळे.

आता पुस्तकाकडे. लेखक दोन. जगदीशचंद्र माथुर तेव्हा आकाशवाणीचे महासंचालक होते आणि हिंदीतले नावाजलेले नाटककारही. ‘कोणार्क’ हे नाटक त्यांचं. दुसरे पॉल न्यूराथ, व्हिएन्नाचे समाजशास्त्रज्ञ, त्या काळात मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत पाहुणे प्राध्यापक म्हणून आलेले. प्रयोगाची तपासणी या संस्थेकडे होती.

तपासणीची युक्ती साधी आणि चलाख होती. मंडळं असलेल्या गावांमधून काही गावं निवडली. त्यांच्या जोडीला मंडळ नसलेली गावं घेतली, काही रेडिओ असलेली आणि काही रेडिओही नसलेली. कार्यक्रम सुरू होण्याआधी आणि संपल्यानंतर लोकांना तेच प्रश्न विचारले. निष्कर्ष असा की मंडळं असलेल्या गावांत लोकांची माहिती ठळकपणे वाढली होती. नुसता रेडिओ असलेल्या गावांत मात्र फरक जवळजवळ नगण्य.

हे वाक्य पुन्हा एकदा वाचावं असं आहे. तोच आवाज, तेच केंद्र, तोच अर्धा तास. एका गावात त्याने काहीतरी घडलं, दुसऱ्या गावात तो वाऱ्यावर गेला. मधला फरक रेडिओचा नव्हता. ऐकून झाल्यावर माणसं उठून गेली की बसून राहिली, एवढाच होता.

मला या पुस्तकात सगळ्यात महत्त्वाची वाटते ती याच्याही पुढची गोष्ट. मंडळं फक्त माहिती घेऊन थांबली नाहीत. ती ठरवू लागली. गावात काय करायचं, कोणी करायचं, याचे निर्णय त्या बैठकांमध्ये होऊ लागले. कार्यक्रम आखणाऱ्यांना हवे होते चांगले श्रोते. त्यांना मिळाले वाद घालणारे गावकरी. न्यूराथ यांनी याची नोंद आनंदाने केली आहे, आणि तो आनंद समजण्यासारखा आहे. 1938 साली नाझींनी ऑस्ट्रिया गिळल्यावर या माणसाला आधी डाखाऊ आणि मग बुखेनवाल्डच्या छळछावणीत टाकलं होतं. नाझींनाही सामुदायिक श्रवणाचं महत्त्व पुरेपूर कळलेलं होतं. त्यांनी स्वस्त रेडिओ काढले, कारखान्यांत आणि शाळांत सगळ्यांना एकत्र बसवून भाषणं ऐकवली. तिथे फक्त एक गोष्ट नव्हती: ऐकून झाल्यावर उलट बोलण्याची सोय. पुस्तकात ही तुलना कोणी मांडलेली नाही, हे माझं वाचन आहे. पण सातारा-कोल्हापूरच्या गावांत सेट बंद झाल्यावर सुरू झालेली बडबड या गृहस्थाला किती मोलाची वाटली असेल, हे ती आकडेवारी वाचताना जाणवत राहतं.

पुस्तकाच्या त्रुटीही सांगायला हव्यात. जेमतेम दहा आठवड्यांच्या प्रयोगावरून फार मोठं काही सिद्ध होत नाही. संघटक येताहेत, निरीक्षक वही घेऊन बसलेत, आपलं पत्र पुण्याला जाणार आहे, या कौतुकानेही मंडळं फुलली असतील. शिवाय मोजली गेली ती माहिती कोणाची? प्रश्नावली सरकारी विषयांची होती. गावाला आधीपासून जे ठाऊक होतं आणि केंद्राला नव्हतं, ते मोजायला कोणी गेलं नाही. आणि संध्याकाळच्या त्या अर्ध्या तासात चूल कोण पेटवत होतं, या प्रश्नाजवळ हा अभ्यास थांबत नाही. गाव म्हणून जे आपल्यासमोर येतं, ते बैठकीला येऊ शकणारं गाव आहे.

तरीही हा प्रयोग विसरला गेला तो या त्रुटींमुळे नाही. तो मोठा केला गेला म्हणून विसरला गेला. 1959 पासून योजना देशभर नेण्यात आली. पुढच्या दशकात मंडळांची संख्या हजारांवर गेली. संख्या वाढवता येते. पण गावोगाव फिरणारा संघटक, आलेल्या प्रत्येक प्रश्नाला उत्तर देण्याचा केंद्राचा आळस नसणं, या गोष्टी हुकमाने वाढत नाहीत. प्रश्नाला उत्तर येत नाही हे कळलं की माणसं प्रश्न पाठवणं सोडतात, आणि मग बैठकीलाही येत नाहीत. हळूहळू मंडळं विझली आणि उरला नुसता रेडिओ असलेला गाव, ज्याबद्दल पुण्याच्या प्रयोगाने आधीच सांगून ठेवलं होतं.

आता पुन्हा गीतरामायणाकडे येऊ, कारण मला या दोन मालिका एकमेकींच्या विरोधात उभ्या करायच्या नाहीत. दोन्हींचा जन्म एकाच धोरणातून झाला. बाळकृष्ण केसकर माहिती व प्रसारण मंत्री होते आणि चित्रपटसंगीत त्यांना आकाशवाणीवर नको होतं. श्रोते सिलोनकडे वळले, बिनाका गीतमाला ऐकू लागले. आकाशवाणीला स्वतःचं काहीतरी द्यायचं होतं. शिकवणारंही आणि रमवणारंही. एका टोकाला त्यातून गीतरामायण आलं, दुसऱ्या टोकाला शेतकऱ्यांची मंडळं.

आणि गीतरामायण हेसुद्धा मुळात एकट्याने ऐकायचं काम नव्हतं. आज आपण जे ऐकतो ते बहुतेक वेळा बाबूजींच्या एकट्याच्या आवाजातलं ध्वनिमुद्रण असतं. रेडिओवर तसं नव्हतं. तिथे माणिक वर्मा होत्या, वसंतराव देशपांडे होते, लता मंगेशकर होत्या. पात्राप्रमाणे गळे बदलत होते. पुढचं गीत ऐकायला आठवडा थांबावं लागत होतं. त्या आठवड्यात घरात, शेजारी, कचेरीत त्यावर बोलणं व्हायचं. पुढे काय होणार हे रामायणात सगळ्यांनाच ठाऊक असतं. बोलणं व्हायचं ते कसं होणार यावर. म्हणजे तिथेही मंडळ होतं, फक्त त्याची नोंदवही कोणी ठेवली नाही.

ध्वनिमुद्रिका आली, मग कॅसेट, मग फोनवरची यादी. गीतं वाचली, ही मोठीच गोष्ट. पण वाट बघणं आणि एकत्र बोलणं हा भाग त्यातून गळून पडला. शेतकरी मंडळांच्या बाबतीत नेमकं तेवढंच होतं, त्यामुळे त्यांचं काहीच उरलं नाही. जे तबकडीवर चढू शकलं ते आपला वारसा झालं. जे माणसांमध्ये घडत होतं ते सरकारी अहवालात गेलं.

आपल्याकडे छोट्या केंद्रांचे इतिहास लिहिले जातात ते याच चालीवर. कोणते गायक येऊन गेले, कोणते निवेदक गाजले, कोणत्या मोठ्या लेखकाने तिथे नोकरी केली. म्हणजे माइकच्या अलीकडची माणसं. पलीकडची माणसं या इतिहासात ‘असंख्य श्रोते’ एवढ्या दोन शब्दांत बसवलेली असतात. मला हा नुसता लेखनातला दोष वाटत नाही. केंद्र म्हणजे आवाजांचा साठा, असं एकदा ठरलं की तो साठा डिजिटल झाल्यावर केंद्राची गरज काय, हा प्रश्न कोणालाही विचारता येतो.

आणि तो विचारला गेलाच. 2023 च्या जूनमध्ये पुणे केंद्राचा प्रादेशिक वृत्तविभाग बंद करून इथलं बातमीपत्र छत्रपती संभाजीनगरहून देण्याचा निर्णय झाला. सकाळी 7 वाजून 10 मिनिटांच्या बातम्या ऐकत मोठे झालेले लोक रागावले, राजकीय पक्ष बोलले, निर्णयाला स्थगिती मिळाली. ते चांगलंच झालं. पण त्या आठवड्यात जे लिहिलं-बोललं गेलं, त्यात माझ्या वाचण्यात आला तो बराचसा आठवणींचा सूर होता: तो आवाज, ती धून, तो चहा. बातमीदार दूर गेला तर शिरूरच्या किंवा भोरच्या माणसाने आपलं म्हणणं कोणाला सांगायचं, हा प्रश्न त्या मानाने मागे राहिला. आठवणींच्या जोरावर एखादं केंद्र एकदा वाचतं. दुसऱ्यांदा वाचेलच असं नाही, कारण आठवणी असणारी माणसं कमी होत जातात.

तुम्ही हा लेख बहुधा फोनवर वाचत असाल. त्याच फोनवर आकाशवाणीची केंद्रं लावता येतात, खरखर न येता. पोच हा आता प्रश्नच राहिलेला नाही. वीस जणांचे गट तर आपल्या प्रत्येकाकडे आहेत, दोन-चार तरी. पण 1956 च्या मंडळाशी ताडून बघा. आपल्या गटात पुढे पाठवणं आहे. आधी सगळ्यांनी मिळून एक गोष्ट पुरती ऐकणं नाही. आणि मुख्य म्हणजे आपला प्रश्न जिथून माहिती आली तिथे परत जात नाही. उत्तर देणं ज्याचं काम आहे असा तिथे कोणीच नसतो.

असा कोणी असेल तर काय होतं हे बघायचं असेल तर साताऱ्यातल्या म्हसवडला जावं. तिथे 2008 पासून माणदेशी तरंग वाहिनी हे सामुदायिक रेडिओ केंद्र चालतं, 90.4 एफएमवर. लहानसं केंद्र, मर्यादित टप्पा. पण माइकवर त्याच तालुक्यातल्या बाया आहेत, आणि ऐकणारी बाई उद्या बोलणारी असू शकते. 1956 च्या यादीतल्या उत्तर सातारा जिल्ह्याचाच हा भाग. तेव्हाच्या अभ्यासाला चुलीजवळची जी बाई दिसली नव्हती, ती इथे कार्यक्रम करते.

गीतरामायण जरूर ऐका. 56 गीतं, प्रत्येकी पाव तास, म्हणजे चौदा तासांचा ऐवज आहे. त्याच केंद्राच्या दुसऱ्या मालिकेचे 20 भाग म्हणजे दहा तास होते. ते ऐकायला मिळणार नाहीत. आणि मिळाले तरी एकट्याने ऐकून ते कळणार नाहीत, कारण त्यांचा महत्त्वाचा भाग सेट बंद केल्यावर सुरू व्हायचा.