राजकीय चित्रपटातील संगीत : प्रतिस्वर आणि गायनकृती

राजकीय आशयाच्या चित्रपटाला संगीत देताना संगीतकारापुढे एक मूलभूत पेच असतो. पार्श्वसंगीत प्रेक्षकाच्या भावनेला दिशा देते. मात्र ही दिशा कोण देत आहे, हे त्याला दिसत नाही. सत्तेच्या अदृश्य कार्यपद्धतीला प्रश्न विचारणाऱ्या चित्रपटाने स्वतः अशाच अदृश्य साधनाने प्रेक्षकाची संमती मिळवावी, यात अंतर्विरोध आहे.

हान्स आयस्लर यांनी तो ओळखला होता. बेरोजगार कामगारांविषयीच्या ‘कूले वाम्पे’ (१९३२) या जर्मन चित्रपटात पडक्या घरांच्या उदास दृश्यांना त्यांनी करुण स्वरांची जोड दिली नाही. वेगवान, धारदार संगीत योजले. दैन्य पाहून प्रेक्षकाने हळहळू नये, त्याच्या मनात प्रतिकार जागा व्हावा, ही त्यामागील भूमिका. चित्रपटसंगीतावरील आपल्या १९४७ च्या ग्रंथात, ज्याच्या लेखनात आडोर्नो यांचाही सहभाग होता, त्यांनी तिचे विवेचन केले आहे. तथापि हा प्रतिस्वरही दृश्याबाहेरूनच येतो. प्रेक्षकाने काय वाटून घ्यावे हे अखेर संगीतकारच ठरवतो.

चैतन्य ताम्हाणे दिग्दर्शित ‘कोर्ट’ (२०१४) या मराठी चित्रपटाचा मार्ग वेगळा आहे. संभाजी भगत यांच्या संगीताचा भार येथे दृश्यातच घडणाऱ्या गायनावर आहे. लोकशाहीर नारायण कांबळे वस्तीतील मंचावर गातो. साथीदार आणि श्रोते आपल्यासमोर असतात. तेथेच पोलीस येऊन पोहोचतात. त्याच्या गाण्यामुळे एक सफाई कामगार आत्महत्येस प्रवृत्त झाला, असा आरोप आहे. न्यायालयात मात्र गाणे येते ते साक्ष, जबाब आणि नोंद यांच्या रूपाने. लय, साथ, श्रोत्यांचा प्रतिसाद यांपैकी काहीही कागदावर उतरत नाही. गायनकृतीपासून तोडलेला शब्द तेवढा ‘चिथावणी’ म्हणून उरतो. प्रेक्षकाने शाहिराला गाताना ऐकले आहे, न्यायालयाने ऐकलेले नाही; चित्रपटाचे राजकारण या अंतरात आहे.

या मंचासमोर चित्रपट दुसरा मंच उभा करतो. सरकारी वकील आपल्या कुटुंबासह परप्रांतीयांविरुद्धचे एक मराठी नाटक पाहते. प्रेक्षागृह हसते, टाळ्या वाजवते. तेथे पोलीस येत नाहीत. कोणते सादरीकरण राजकीय ठरावे, हे त्याच्या आशयावरून ठरत नसून व्यवस्थेच्या श्रवणावरून ठरते, असा याचा अर्थ.

दृश्यांतर्गत गायन आपोआप निर्दोष ठरते, असे मात्र म्हणता येणार नाही. कोणते गाणे, किती काळ आणि कोठून दाखवायचे, ही निवड दिग्दर्शकाचीच असते. पण येथे गाणारा आणि ऐकणारे दोघेही दृश्यमान असल्यामुळे त्या स्वराची उलटतपासणी शक्य होते. पार्श्वसंगीत ती संधी देत नाही.

हा प्रश्न केवळ चित्रपटसमीक्षेचा नाही. आंबेडकरी जलसे आणि शाहिरी यांचा अभ्यास आपण बहुतांशी मुद्रित संहितांच्या आधारे करतो. स्वर, ठेका आणि श्रोतृसमूह वगळून उरलेल्या शब्दांना कधी ‘प्रचारकी’ ठरवतो, कधी ‘विद्रोही’. निवाडा अनुकूल असो वा प्रतिकूल, त्यासाठी वापरलेला पुरावा न्यायालयाच्या नोंदवहीतलाच असतो.